टोपलीचे झाकण

प्राण्यांना माणसांनी जो लौकिक वाटून दिला आहे, त्याचा हिशेब कोणी मांडला तर त्यात अन्यायाची बाजू फार मोठी निघेल. गाढवाने जन्मभर ओझी वाहिली आणि पदरात पडला तो मूर्खपणा. घुबडाने शेतातले उंदीर खाल्ले आणि त्याच्या कपाळी अपशकुन आला. परंतु या सर्वांत खेकड्याइतके दुर्दैवी जनावर दुसरे नसेल. आकाशातील बारा राशींत त्याला एक घर मिळाले खरे. पण त्याच्याच नावाने वैद्यांनी एका भीषण रोगाचे बारसे केले. प्राचीन ग्रीक वैद्यांनी त्या रोगास आपल्या भाषेतील खेकड्याचे नाव दिले, आणि आपल्याकडेही तो कर्करोगच झाला. त्याचे चालणे तिरपे, म्हणून त्याचे मनही तिरपे असले पाहिजे, असा निवाडा आपण बसल्या जागी देऊन टाकला.

आणि त्यावर कळस चढविला तो टोपलीच्या गोष्टीने. ही गोष्ट ऐकली नाही असा सुशिक्षित मराठी मनुष्य मिळणे कठीण. परदेशी पाठवावयाच्या खेकड्यांच्या टोपल्या बंदरावर ओळीने मांडलेल्या असतात. सर्वांवर झाकणे, एकीवर मात्र नाही. कोणी तरी विचारतो, ‘यातले खेकडे पळून नाही का जाणार?’ उत्तर मिळते, ‘चिंता नको. हे मराठी खेकडे आहेत. एक वर चढू लागला की बाकीचे त्याचा पाय ओढून खाली आणतात.’ सभेत हशा पिकतो. वक्ता घोटभर पाणी पितो, आणि श्रोते आपापल्या कचेरीतील एकेका सहकाऱ्याची आठवण करून समाधानाने मान डोलावतात. गंमत अशी की, फिलिपाइन्स बेटांतील लोकही हीच गोष्ट स्वतःविषयी सांगतात, आणि आपल्याच देशातील इतर प्रांतांतही ती त्या त्या प्रांताच्या नावाने चालते. म्हणजे मत्सराच्या बाबतीतही आपण काही एकमेवाद्वितीय नाही!

मी ही गोष्ट स्नेहसंमेलनांत ऐकली आहे, लग्नाच्या पंगतीत ऐकली आहे, निवृत्त होणाऱ्या अधिकाऱ्यांच्या निरोपसमारंभात तर हटकून ऐकली आहे. परंतु जो मनुष्य खेकडे धरून पोट भरतो, त्याच्या तोंडून ती एकदाही ऐकली नाही. ही गोष्ट साधी आहे. पण तिच्याकडे लक्ष गेल्यापासून तिने माझा पिच्छा सोडलेला नाही.

आमच्या पूर्वजांना खेकडा अधिक चांगला ठाऊक होता असे दिसते. पंचतंत्रातील त्या ढोंगी बगळ्याची कथा सर्वांना माहीत आहे. तळे आटणार असे सांगून तो एकेक मासा पाठीवरून नेतो आणि खडकावर बसून खातो. त्याचे कपट ओळखतो तो खेकडाच, आणि त्याची मान धरतो तोही खेकडाच. त्याच ग्रंथाच्या अखेरीस एक ब्राह्मण प्रवासास निघतो, तेव्हा त्याची आई म्हणते की, एकट्याने वाट चालू नये. आणि दुसरे कोणी नाही म्हणून ती एक खेकडाच त्याच्याबरोबर देते. वाटेत तो झोपला असता सर्प येतो, आणि त्या सर्पाचा निकाल लावणारा सोबती हाच. ज्या जनावराला एका आईने आपल्या मुलाचा राखणदार म्हणून निवडले, त्याला आपण पाय ओढणारा ठरविले. मध्यंतरी खेकडा बदलला असेल असे मला वाटत नाही. बदलले ते आपले त्याच्यापासूनचे अंतर.

हे अंतर किती आहे, ते मी पुणतांब्यात पाहिले. अहिल्यानगर जिल्ह्यातील, गोदावरीच्या काठचे हे जुने गाव. येथे चांगदेवांची समाधी आहे, अहिल्याबाई होळकरांनी बांधविलेला घाट आहे, आणि १८७८ साली सुरू झालेल्या दौंड-मनमाड लोहमार्गाचे स्थानक आहे. भाविक येतो तो समाधीपाशी जातो. उतारू येतो तो गाडी बदलून पुढे जातो. नदीकाठच्या भोयांच्या घरांकडे दोघांपैकी कोणाचीच वाट जात नाही. माझी शिक्षकाची बहुतेक नोकरी याच भागात झाली, आणि शाळेच्या पटावर त्या घरांतील मुले असल्यामुळे मला मात्र तिकडे जावे लागे.

भोई म्हणजे एके काळचे पालखी वाहणारे आणि पैलतीरी उतरविणारे लोक. पालखी गेली, पूल झाले, तेव्हा नावही गेली. उरली ती नदी. तिच्यात जाळे टाकावे, उन्हाळ्यात वाळवंटात कलिंगडे-खरबुजे लावावीत, आणि पावसाळा लागला की खेकडे धरावेत, असा त्यांचा वर्षाचा क्रम. माशाला जाळे लागते, होडी लागते, कोठे कोठे ठेकाही लागतो. खेकड्याला काही लागत नाही. म्हणूनच खेकडे धरणे हा गरिबांतल्या गरिबांचा धंदा आहे. ज्याच्यापाशी भांडवल म्हणून केवळ स्वतःचा उजवा हात आहे, त्याने तो हात बिळात घालावा.

हे हात घालणे म्हणजे काय, ते पाहिल्याशिवाय कळावयाचे नाही. आपल्या दख्खनच्या पठारावरील हा बिळे करून राहणारा खेकडा पाश्चात्त्य शास्त्रज्ञांना प्रथम नीट परिचित झाला तो १८३६ साली. मुंबई सरकारच्या वतीने दख्खनची पाहणी करणाऱ्या कर्नल साइक्स याने त्याचे वर्णन लिहिले, आणि वेस्टवुड याने त्याचे नामकरण केले. लॅटिन भाषेतील त्या नावाच्या ‘क्युनिक्युलॅरिस’ या उत्तरपदाचा अर्थच मुळी बीळ खणणारा असा आहे. हे नाव त्याला अगदी शोभते. काठाच्या काळ्या मातीत तो आपले बीळ तिरपे खाली नेतो आणि ओलाव्यापर्यंत पोहोचवितो. कारण कल्ल्यांनी श्वास घेणाऱ्या या प्राण्याला ओल म्हणजे प्राण. उन्हाळाभर तो आत दडून असतो. मृगाचा पहिला मोठा पाऊस पडला, नाले वाहू लागले, म्हणजे रात्री तो बाहेर येतो. आणि त्याच रात्री भोयांच्या वस्तीतील निम्मी माणसे काठावर असतात.

पूर्वी हातात टेंभा किंवा कंदील असे. आता कपाळावर बांधावयाची विजेरी आली आहे. उजेड डोळ्यांवर पडताच खेकडा क्षणभर थिजतो. त्या क्षणात पाठीमागून, कवचाच्या दोन्ही कडांवर बोटे टेकून, त्याला उचलावयाचे असते. बोट इंचभर पुढे गेले की नांगीत सापडले. आणि मोठ्या नराची नांगी बोटाला अशी धरते की, ती सोडविण्यास दुसरा माणूस लागतो. परंतु ही झाली सोपी रीत. पाऊस उघडला, खेकडे बिळात परतले, म्हणजे खरे कसब सुरू होते. बिळाच्या तोंडाशी ताज्या चिखलाच्या गोळ्या असल्या तर मालक घरात आहे. कडेवर पायांच्या नख्यांचे ओरखडे आहेत की नाहीत, तोंडाला कोळ्याचे जाळे धरले आहे काय, आतली हवा गार लागते की उबट, हे सर्व एका नजरेत वाचून मग दंडापर्यंत हात आत जातो. खेकड्याच्या रिकाम्या घरात साप राहतो, हे त्यांच्या पोरासोरांनाही ठाऊक असते. पंचतंत्रातला तो सर्प आणि तो खेकडा येथे एकाच दाराआड असतात, आणि कोणाच्या हाती हात द्यावयाचा आहे, हे अंधारातच ठरवावे लागते.

भोयांपैकी एका वृद्ध गृहस्थांना सारी वस्ती मामा म्हणे. मीही म्हणू लागलो. त्यांच्या उजव्या हाताचे अंगठ्याजवळचे बोट कायमचे वाकडे झालेले होते. त्यांना मी एकदा ती टोपलीची गोष्ट सांगितली. म्हटले, जाणत्याकडून खरेखोटे करून घ्यावे. त्यांनी ती लक्षपूर्वक ऐकली. हसावयाची जागा आली तेव्हा ते हसले नाहीत. माझे बोलणे संपले हेच त्यांच्या ध्यानात आले नसावे.

“मंग?” त्यांनी विचारले.

“मग काही नाही, मामा. झाकण लागत नाही, असे लोक म्हणतात.”

“झाकण लागत न्हाई?” मामा चकित झाले. “गुरुजी, झाकण ठिवलं न्हाई त सकाळी टोपलीत वलं फडकंच गावायचं. आन् पाय कोन वढतंय? त्याला खाली भुई न्हाई. हाताला जे गावंल ते तो धरतो. तुमाला हिरीत टाकलं तर तुमी न्हाई का धरायचे?”

मी नंतर पुष्कळदा त्यांच्या टोपलीत डोकावून पाहिले. मामांचे म्हणणे अक्षरशः खरे होते. बुरडी टोपलीत एकावर एक टाकलेल्या त्या जनावरांना उभे राहण्यास जागा नसते; ती एकमेकांस धरतात ती बुडत्याने फळी धरावी तशी. आणि त्यांतला जो काठापर्यंत पोहोचतो, तो खालच्यांच्या पाठीवर पाय देऊनच पोहोचतो. वक्त्यांना खालून ओढणारे दिसतात. ज्याच्या पाठीवर पाय पडला तो त्यांच्या गोष्टीत येत नाही. आणि मुख्य प्रश्न तर कोणीच विचारीत नाही. त्यांना टोपलीत कोंबले कोणी? खेकडा नदीकाठी स्वतःचे बीळ स्वतः खणून एकटा राहणारा प्राणी आहे. त्याला माणसाने धरले, एका तोंडाच्या टोपलीत पन्नास भरले, आणि मग त्यांच्या स्वभावावर व्याख्यान दिले!

येथे कोणी म्हणेल की, नदीतला खेकडा तो काय, आणि त्याचा धंदा तो काय. खेकड्यांचा खरा बाजार समुद्रकाठी. ते खरेच आहे. योगायोगाने माझ्या नोकरीची पहिली काही वर्षे समुद्राजवळच गेली. कुलाबा जिल्ह्यात, ज्याचे नाव १९८१ साली रायगड झाले त्या जिल्ह्यात, अलिबागच्या बाजूस खाडीकाठच्या एका गावी मी शिकवीत होतो. गोदावरीच्या काठी जे पाहिले ते मला समजले, याचे कारण त्या खाडीवर मी आधी पाहिले होते.

तेथील खेकडी म्हणजे चिंबोरी. दक्षिणेकडे मालवणात आणि गोव्यात तीच कुर्ली. चिखलाच्या रंगाची, वजनदार, आणि जाड डेंग्यांची. तिला धरणारी माणसे घड्याळाकडे पाहत नाहीत. त्यांचा दिवस भरती-ओहोटीवर चालतो. आणि भरती रोज सुमारे पाऊण तासाने पुढे सरकत असल्याने, आज पहाटे कामावर गेलेला मनुष्य आठवड्याने भर दुपारी निघतो आणि त्यानंतर मध्यरात्री. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास उधाण आले म्हणजे पाणी कांदळवनात दूरवर शिरते. मधल्या दिवसांत, ज्याला ते भांग म्हणतात, पाणी सुस्त असते. काळोख्या पंधरवड्यातली चिंबोरी भरलेली आणि चांदण्यातली पोकळ, असा त्यांचा पक्का समज. आणि गिऱ्हाइकही तिथी पाहूनच भाव करते.

धरण्याच्या रीती दोन. एक फग लावण्याची. लोखंडी कड्याला जाळे विणलेले, मध्यभागी माशाचे डोके आमिष म्हणून बांधलेले, वर दोरी आणि तरंगते बोंडूक. असे दहा-वीस फग खाडीत ओळीने सोडावयाचे आणि होडीतून पहिल्यापासून शेवटपर्यंत पुनःपुन्हा उचलून पाहावयाचे. चिंबोरी आमिषावर बसलेली असताना फग अलगद आणि एका दमात वर आला पाहिजे. हात थरथरला की ती गेली. दुसरी रीत आकड्याची. ओहोटी लागली म्हणजे तिवरांच्या मुळ्यांतून मांडीभर चिखल तुडवीत जावयाचे, बिळात लोखंडी आकडी घालावयाची, आणि टोकाला लागले ते दगड, मूळ की कवच, हे मनगटाने ओळखावयाचे. या चिखलात बायकाही उतरतात. कमरेला टोपली, डोक्याला घट्ट फडके, आणि गुडघ्यांवर तिवरांच्या खुंटांनी काढलेल्या रेघोट्या. पाणी परत फिरण्याच्या आत बाहेर पडावे लागते. त्याला उशीर चालत नाही.

परंतु माझ्या मनात ठसले आहे ते बांधणे. चिंबोरी धरल्यावर पहिले काम म्हणजे तिचे डेंगे बांधणे. सुतळीचा एक वेढा पुढून, एक मागून, पायाने कवच दाबून धरलेले, आणि गाठ पाठीवर. सरावाच्या बाईला याला उखाणा घेण्याइतकाही वेळ लागत नाही. का बांधावयाचे? बांधल्याशिवाय ठेवले तर त्या एकमेकींचे पाय तोडतात, आणि पाय तुटलेल्या चिंबोरीला भाव नाही. ओल्या गोणपाटाखाली सावलीत ठेवली तर ती काही दिवस जिवंत राहते. म्हणूनच खाडीतली चिंबोरी मुंबईच्या बाजारात जिवंत पोहोचते, आणि भारताच्या किनाऱ्यावरून ती सिंगापूर-हाँगकाँगपर्यंत विमानाने जाते. त्या विमानातही ती बांधलेलीच असते, एकेक, आणि झाकलेल्या खोक्यात. बंदरावरची ती उघडी टोपली ज्याने कल्पिली, त्याने या बायकांचे हात पाहिलेले नव्हते एवढे निश्चित.

या लोकांना चिंबोरीविषयी जे ठाऊक असते, ते ऐकून शास्त्रज्ञाने मान तुकवावी. पोटाकडून, पायाच्या मुळाशी अंगठ्याने दाबले की ती भरलेली की पोकळ ते कळते. कवच दबले तर तिने नुकतीच कात टाकली आहे, आत पाणी आहे. खेकड्याला वाढावयाचे तर कवच फोडून बाहेर यावे लागते, आणि नवे कवच कठीण होईपर्यंत तो लोण्यासारखा मऊ आणि निराधार असतो. मादी कात टाकण्याच्या बेतात आली म्हणजे नर तिला काही दिवस आपल्या पोटाखाली धरून हिंडतो. ती मऊ झाली की तिच्याशी जोडी करतो, आणि ती कठीण होईतो तिच्यावर पहारा देतो. पाय ओढणारा म्हणून ज्याची ख्याती, त्याचा हा संसार! पुढे अंडी पिकली की मादी खाडी सोडून समुद्राकडे जाते आणि लाखांनी पिले पाण्याच्या हवाली करते. ती पिले खेकड्यासारखी दिसतही नाहीत. डोळ्यांना जेमतेम दिसणारे काटेरी ठिपके. अनेक रूपे पालटून जी थोडी वाचतात, ती बाळखेकडे होऊन किनाऱ्याकडे, कांदळवनाच्या सावलीत परत येतात. म्हणून कांदळवन गेले की चिंबोरी गेली. मुंबई उच्च न्यायालयाने २०१८ साली कांदळवनाचा नाश हा नागरिकांच्या जगण्याच्या हक्काचा भंग ठरविला. तो निकाल वाचताना मला त्या रेघोट्या उठलेल्या गुडघ्यांची आठवण झाली.

समुद्राच्या पोटात जागा मोठी. नदीचे तसे नाही, आणि नदीकाठच्या धंद्याचे मर्म येथेच आहे. गोदावरीतल्या खेकडीला समुद्र कोठून मिळणार? ती अंडी घालते ती थोडी, पण मोठी. ती पोटाच्या घडीखाली सांभाळते. आणि अंड्यांतून निघतात ती एकदम खेकड्याचीच पिले, मोहरीएवढी, पण आठ पाय, दोन नांग्या, सर्व काही जागच्या जागी असलेली. तीही काही दिवस आईच्या पोटाशीच चिकटून असतात. ती जेथे सुटतील तेथेच वाढावयाची. वरून वाहून येऊन कोणी त्यांची जागा भरील, अशी आशा फारशी नसते. म्हणजे पावसाळ्यात अशी एक खेकडी टोपलीत पडली, तर त्या काठाची एक पिढी टोपलीत पडली.

मामांना हे कोणी पुस्तकातून शिकविले नव्हते. तरी हातात आलेली प्रत्येक खेकडी ते उलटी करीत, रुंद पोटाची घडी नखाने जराशी उचलीत, आणि आत ती बारीक वळवळ दिसली की, “लेकुरवाळी हाय,” एवढेच म्हणून तिला बिळाच्या तोंडाशी ठेवीत. टाकीत नसत, ठेवीत. त्या दिवशी टोपली भरलेली असो वा नसो, यात फरक पडत नसे. मी एकदा म्हटले, “मामा, तुम्ही सोडता, उद्या दुसरा कोणी धरील.” त्यावर त्यांनी इतकेच सांगितले की, दुसऱ्याचा हात दुसऱ्यापाशी.

चांगदेवांची कथा वाचकांस ठाऊकच आहे. चौदाशे वर्षे जगलेल्या त्या योग्याने ज्ञानेश्वरांना पत्र पाठविले, पण मायना काय लिहावा हे न सुचून कागद कोराच धाडला. आणि इतकी वर्षे जगून हा कोराच राहिला, असा शेरा चिमुकल्या मुक्ताबाईने मारला. त्याच चांगदेवांच्या गावी, विद्येचा अधिकार नसलेल्या एका म्हाताऱ्याच्या हातात ती लेकुरवाळी पाहताना मला वाटे की, लिहिता-वाचता येणे आणि जाणते असणे यांची गल्लत आपण शाळामास्तरच जास्त करतो.

परंतु एका माणसाच्या विवेकावर नदी जगत नाही. मामा गेले त्यालाही आता बरीच वर्षे झाली. गोदावरी राहिली आहे, पण ती त्यांची गोदावरी नव्हे. नाशिककडे दारणा आणि गंगापूर धरणे, नांदूर मधमेश्वरचा बंधारा आणि तेथून निघालेले कालवे, खाली पैठणास १९७६ साली पुरे झालेले जायकवाडी. या पाण्यानेच आमच्या भागात ऊस पिकला, साखर कारखाने उभे राहिले. लोणीजवळ १९५० साली सुरू झालेल्या सहकारी कारखान्याची कीर्ती तर देशभर गेली. या समृद्धीत माझ्याही पगाराचा वाटा होता. तिला नावे ठेवण्याचा मला अधिकार नाही. पण नदीला आता पाणी येते ते आवर्तनाच्या तारखेने. ओल कोठवर राहील, याचा अंदाज खेकड्याला करता येत नाही आणि भोयालाही नाही. वाळू उपसली गेली, तेथे खड्डे पडले आणि काठ ढासळले. बिळे काठाबरोबर गेली. वरच्या गावांचे सांडपाणी येते, त्यावर जलपर्णी माजते. आणि दुसरीकडून, रस्त्याच्या ढाब्यांवर खेकड्यांच्या रश्शाला गिऱ्हाईक वाढल्यामुळे, पहिल्या पावसाच्या रात्री मोटारसायकलींवरून येणारे नवे लोक गोणी भरून नेतात. त्यांना घडी उचलून पाहण्यास सवड नसते.

आमच्या गावाला भाव मागणे ठाऊक नाही असे कोणी म्हणणार नाही. १ जून २०१७ रोजी शेतकऱ्यांचा जो संप महाराष्ट्रभर पसरला, त्याची हाक पुणतांब्यानेच दिली होती. दूध, भाजीपाला शहराकडे जाऊ द्यावयाचा नाही, असा ठराव करून उठलेले हे गाव. त्याच महिन्यात सरकारला कर्जमाफी जाहीर करावी लागली. कष्टाची किंमत कष्ट करणाऱ्याने ठरवावी, हा त्या संपाचा आशय, आणि तो मला मान्य आहे. त्या दिवसांत बाजाराच्या कडेला, फडक्यावर खेकड्यांचे वाटे मांडून बसलेल्या मामांच्या सुनेकडे माझे लक्ष गेले. एका वाट्यात सहा खेकडे. रात्रभराचे जागरण, सापाची भीती आणि कापलेली बोटे यांचा भाव ती सांगत होती. गिऱ्हाईक निम्म्याने मागत होते. आणि ती निम्म्याहून थोडे वर राजी होत होती. शेतमालाला निदान हमीभावाचा शब्द आहे. बिळातून काढलेल्या मालाला कसला हमीभाव? ज्याला पेरणी नाही, सातबारा नाही, कर्ज नाही, त्याला माफी तरी कशाची मिळणार?

मला याहूनही अधिक बोचते ते दुसरेच. शाळेत मुलाचे नाव घालताना पालकाचा व्यवसाय लिहावा लागतो. इतक्या वर्षांत त्या रकान्यात मी शेती लिहिली, नोकरी लिहिली, सुतारकाम लिहिले, किराणा दुकान लिहिले. भोयांच्या घरातील माणूस समोर बसला की, मी विचारीत असे, “मासेमारी लिहू ना? खेकडे धरता, तेही लिहितो.” आणि उत्तर बहुधा एकच येई, “मजुरी लिवा, गुरुजी.” मामांच्या मुलाने आपल्या मुलीचे नाव घातले, तेव्हा मी त्याला कारण विचारले. तो म्हणाला, “खेकडं धरतो म्हनून लिवलं, तर पोरं तिला खेकडी म्हनत्याल. पाय वढनारी म्हनत्याल. मजुरी लिवलं म्हंजी कोन काय बोलत न्हाई.”

गोष्ट सभेत सांगितली जाते. तिचा हशा मात्र असा दूरवर, शाळेच्या पटापर्यंत पोहोचतो. ज्या हाताला बिळाच्या तोंडावरून आतला प्राणी ओळखता येतो, कोणती मादी सोडावयाची हे कळते, त्या हाताचा धंदा आमच्या पटांत आणि बहुधा सरकारच्या दप्तरांतही मजुरी या एका शब्दाखाली झाकला गेला आहे. खेकड्यांना झाकण लागते की नाही यावर आम्ही वर्षानुवर्षे विनोद केला. माणसांवर झाकण केव्हा बसले, ते आमच्या लक्षात आले नाही.

मी त्याच्या सांगण्याप्रमाणे मजुरी असे लिहिले. मुलीचे नाव तिच्या बापाने ठरवावयाचे, तसेच आपल्या कामाचे नावही त्यानेच ठरवावयाचे. त्यात मास्तराने ढवळाढवळ करू नये. ती मुलगी पुढे चांगली शिकली. चौथीत असताना वर्गात कोणी तरी ती टोपलीची गोष्ट घरून ऐकून आला आणि मोठ्या उत्साहाने सांगू लागला. मुले हसली. ती उठून उभी राहिली आणि शांतपणे म्हणाली, “असं नसतं. रात्री आमच्या टोपलीवर पाटा ठेवावा लागतो.” मग पाटा किती जड असतो, ते तिने दोन्ही हात पसरून दाखविले, आणि खाली बसली.